'योजिंबो'तला विनोद कुणी घातला?

सामुराईपट आणि वेस्टर्न (अमेरिकी काउबॉयपट) यांच्या मिश्रणातून जन्मलेल्या विनोदी चित्रपटांविषयी एक विधान वारंवार फिरत असते : जपानी सामुराईपट मुळात गंभीर होते, पाश्चात्त्यांनी त्यांची नक्कल करताना थट्टा मिसळली, आणि ती थट्टा म्हणजे परक्या मुलखात अवघडलेल्या किमोनोधारी माणसाला हसणे.

आधी गांभीर्याचे पाहू. जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या 'योजिंबो' या सामुराईपटात (१९६१) नायक गावात शिरतो तेव्हा समोरून तोंडात माणसाचा तुटका हात धरलेले कुत्रे दुडक्या चालीने येते. कुणी नाव विचारले, तर तो बाहेरच्या तुतीच्या शेताकडे पाहून तिथल्या तिथे नाव रचतो आणि त्यात तिशीचा उल्लेख असल्यामुळे 'आता चाळिशीच जवळ आली,' अशी पुस्तीही जोडतो. पुढे त्याने भडकवलेल्या दोन टोळ्या तलवारी उपसून समोरासमोर येतात, पण भीतीने चार पावले पुढे आणि चार मागे करत राहतात, आणि हा मनोऱ्यावर बसून ती गंमत पाहतो. याला निव्वळ गंभीर म्हणायचे, तर तमाशातल्या वगालाही कीर्तन म्हणावे लागेल.

इटालियन दिग्दर्शक सेर्जो लिओने यांनी 'अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स' या वेस्टर्नसाठी (१९६४) ही कथा परवानगीशिवाय उचलली आणि जपानी चित्रपट कंपनी तोहोने दावा लावला, हे खरेच आहे. मात्र कथेबरोबर विनोदही उचलला गेला, हे सांगायचे राहून जाते. कुरोसावांचा नायक चकमकीनंतर शवपेट्या करणाऱ्याला दोन, नाही, बहुधा तीन पेट्या लागतील असे सांगतो. लिओनेंचा नायक तीन पेट्यांची मागणी आधीच नोंदवतो आणि गोळीबार आटोपल्यावर चूक कबूल करून चार करायला सांगतो. भर लिओनेंची, पण हशा मूळचा जपानी. शिवाय कुरोसावा स्वतः वेस्टर्न करणारे अमेरिकी दिग्दर्शक जॉन फोर्ड यांचे चाहते होते आणि 'योजिंबो'तल्या खलनायकाच्या हाती पिस्तूल आहे. त्यामुळे देवघेव एकाच दिशेने झाली, असे म्हणता येत नाही.

उरला किमोनोचा मुद्दा. 'रेड सन'मध्ये (१९७१) तोशिरो मिफुने यांचा सामुराई आणि चार्ल्स ब्रॉन्सन यांचा दरोडेखोर यांना नाइलाजाने एकत्र प्रवास करावा लागतो, पण फजिती होते ती बहुतेकदा निसटू पाहणाऱ्या दरोडेखोराची. केवळ वेशभूषेवर हसे वसूल करणारे चित्रपट आहेत, पण त्यांचा दोष साऱ्या प्रकाराला लावणे अन्यायाचे आहे. विशेषतः १८६० मध्ये सॅन फ्रान्सिस्कोला पोहोचलेल्या 'कान्रिन मारू' या जपानी जहाजाच्या सफरीवरून सामुराईला अमेरिकेत उतरवणारा 'ईस्ट मीट्स वेस्ट' (१९९५) हा विनोदी चित्रपट किहाची ओकामोतो या जपानी दिग्दर्शकानेच केलेला असताना.