डेंगूची शेळी

डेंगू मला ऑक्टोबरात झाला, शेळी नोव्हेंबरात आली आणि दूध मे महिन्यात मिळालं. या हिशोबात नेमकं कुणाचं चुकलं, यावर इंदूरच्या रामबागेतल्या आमच्या वाड्यात अजून एकमत झालेलं नाही.

प्लेटलेट्स 37,000 वर आल्या तेव्हा काका म्हणाले, "शेळीचं दूध दे त्याला." त्याला काही पुरावा नाही, असं माझ्या डॉक्टरांनी सांगून पाहिलं. काकांच्या मते डॉक्टर अजून लहान आहेत. मी बरा होऊन घरी आलो, तरी काकांनी शब्द पाळला आणि राऊच्या पुढल्या गावातून लोडिंग रिक्षात बसवून ठमीला आणलं.

"दूध किती देते?" बायकोनं विचारलं.

"देईल," काका म्हणाले.

शेळी म्हणजे नळ नव्हे, हे बँकेत पस्तीस वर्षं काढलेल्या माणसाला आधी सुचलं नव्हतं. दूध हवं तर ती व्यायला हवी, व्यायला गाभण हवी आणि गाभण राहायला आधी माजावर, म्हणजे बोकडाच्या ओढीवर, यायला हवी. माज साधारण 21 दिवसांनी येतो आणि दीड दिवसात जातो. मग पुढचे 150 दिवस. काकांनी हे सगळं बोटांवर मोजलं, दोन्ही हातांची संपल्यावर माझी घेतली.

12 नोव्हेंबरला ठमी रात्रभर ओरडली. शेपूट सारखी हलत होती, खाणं बंद. तिला गावची आठवण येतेय असं वाटून मी रात्री दोनला तिच्याजवळ बसून गूळ भरवला. महूच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकलेले आमचे डॉक्टर दोन दिवसांनी म्हणाले, "अहो, ती आठवण माहेरची नव्हती." चुकलेल्या गाडीनंतरची पुढची 3 डिसेंबरला. सकाळी माज दिसला, तर संध्याकाळी बोकड दाखवायचा, एवढं आता पाठ झालं होतं.

बोकडाबद्दल थोडक्यात सांगतो, सविस्तर सांगण्यासारखं नाही. हा प्राणी स्वतःच्या दाढीवर आणि पुढच्या पायांवर स्वतःच लघवी करतो आणि त्याला ते अत्तर वाटतं. ठमीलाही वाटलं. परत आल्यावर बायकोनं मला दारातच थांबवलं. शर्ट अंगणातल्या दोरीवर चार दिवस होता. त्याच्या शेजारी कुणी कपडे वाळत घातले नाहीत.

"शेळी काय, काहीही खाते," असं ज्यांनी मला सांगितलं त्यांना मी शोधतोय. ठमी जमिनीवर पडलेल्या चाऱ्याला तोंड लावत नाही. सुबाभळीचा पाला उंच टांगलेला हवा, आणि काल हुंगून सोडलेला आज चालत नाही. बादलीत एक लेंडी पडली तर सगळं पाणी बदला. जावयाचे एवढे लाड होत नाहीत.

मात्र जे खाऊ नये ते ती न विचारता खाते. संक्रांतीच्या हळदीकुंकवाचे उरलेले पोहे काकूंनी ओट्यावर झाकून ठेवले होते, वर शेव आणि जिरावण मसाला घालून, इंदुरी पद्धतीनं. ठमीनं झाकण काढून परातच साफ केली. संध्याकाळी तिची डावी कूस ढोलकीसारखी फुगली. पोटाचा मोठा कप्पा, जिथं चारा आंबतो, तो डावीकडेच असतो. पोह्यांसारखं पिठूळ खाणं एकदम पडलं की तिथं आम्ल झपाट्यानं वाढतं आणि रवंथ थांबते. डॉक्टर येईपर्यंत मी तिला अंगणात फिरवत होतो. काका मागून कूस वाजवून सांगत होते, "अजून कडक आहे." डॉक्टरांनी खायचा सोडा पाण्यात कालवून हळूहळू पाजला, "मान फार वर नको, फुप्फुसात जाईल," असं मला बजावत. मग थर्मामीटर लावला. कुठं लावला ते लिहीत नाही, पण धरायला मी होतो. 102.5. "नॉर्मल आहे," म्हणाले. एवढ्यावर मला त्यांनी पॅरासिटामॉल दिलं असतं. पहाटे ठमीनं ढेकर दिला. बारशालाही आमच्या घरात एवढा आनंद झाला नव्हता.

लेंड्यांचा प्रश्न वेगळाच. 2017 पासून स्वच्छतेत लागोपाठ पहिला नंबर मारलेलं हे शहर. इथं पुडी कोणत्या डब्यात जाईल हे ठरवून माणूस शेव विकत घेतो. मी बादली घेऊन कचरागाडीसमोर उभा राहिलो. "भिया, गीला के सूखा?" पोरानं विचारलं. वरून सुक्या, आतून ओल्या. मागे सहा जण डबे घेऊन उभे होते. शेवटी काकूंच्या गुलाबाच्या कुंड्यांनी लाज राखली.

2 मेला, दिलेल्या तारखेला, बेचाळीसच्या उन्हात ठमी व्यायली. दोन करडं, दोन्ही बोकड. नाळेला आयोडीन लावलं. चीक तासाभरात त्यांच्या पोटात गेलाच पाहिजे म्हणून काका घड्याळ धरून बसले होते.

दोन आठवड्यांनी करडांचं भागून जेमतेम एक कप उरलं. काकांनी त्याचा चहा करवला आणि स्वतः माझ्यासमोर आणून ठेवला. "घे. प्लेटलेट्स वाढतील." मी प्यायलो. डिसेंबरपासून त्या 2,80,000 होत्या.