बसतं म्हणून चालतं? ‘जुना नेमबाज’ यांच्या प्रतिक्रियेला उत्तर

‘जुना नेमबाज’ यांस,

नमस्कार. पिस्तूल आणि त्याचं काडतूस यांच्या जोडीवर मी जे लिहिलं होतं, त्याखालची तुमची प्रतिक्रिया काल रात्री वाचली. लगेच उत्तर लिहायला बसलो होतो, पण रागाच्या भरात लिहिलेलं सकाळी पुन्हा वाचून मगच टाकायचं, हा नेम मी पाळतो. राग सगळा उतरलाय असं मात्र म्हणणार नाही.

इतर वाचकांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगतो. मी पुस्तकं वाचून लोकांना घाबरवतो. काडतूस चेंबरमध्ये, म्हणजे हत्यारातल्या काडतूस बसायच्या पोकळीत, “बसलं की बसलं, आणि बसतं ते चालतं”. प्रत्येक हत्यार जादा दाबावर तपासूनच बाहेर पडतं, तेव्हा थोडं इकडंतिकडं झालं तर बिघडत नाही. तुम्ही वडिलांच्या .३२ रिव्हॉल्व्हरमधून कित्येक वर्षं पिस्तुलाची .३२ काडतुसं उडवताय आणि “केसालाही धक्का लागलेला नाही”. आणि शेवटचं, “आधी हत्यार हातात धरा, मग लेखणी धरा”.

शेवटच्या वाक्यापासून सुरुवात करतो, कारण तेच जास्त लागलं. मी १४ वर्षं रेंजवर सुरक्षेचं काम पाहिलंय. नेमबाजांच्या मागे उभं राहायचं, प्रत्येकाचे हात बघायचे, कुणाचं हत्यार अडकलं तर ते हातात घेऊन मोकळं करून द्यायचं, हे माझं काम होतं. माझ्या कानांत आज जी बारीक शिट्टी सतत वाजत असते, ती पुस्तकं वाचून लागलेली नाही. तुम्ही मला ओळखत नाही, हे मान्य. पण ज्याला ओळखत नाही त्याच्याबद्दल असं बेधडक विधान ठोकून द्यायचं, ही कुठली रीत? माझ्या मुद्द्यावर बोलला असतात तर मी आनंदाने बोललो असतो. तुम्ही माझ्यावर घसरलात. इतक्या वर्षांत एकाही नवशिक्याशी मी अशा सुरात बोललेलो नाही, आणि त्यांच्या हातात तर भरलेलं पिस्तूल असायचं.

एक गोष्ट तुमची बरोबर आहे आणि ती मान्य करायला मला कमीपणा वाटत नाही. लेखात दोन ठिकाणी मी ‘काडतूस’ म्हणायच्या जागी ‘गोळी’ लिहून गेलो. गोळी म्हणजे नळीतून बाहेर जाते ती. काडतूस म्हणजे पुंगळी, प्रायमर (दारू पेटवणारी बुडातली टोपी), दारू आणि गोळी मिळून झालेली अख्खी वस्तू. ते दुरुस्त केलं आहे. धन्यवाद.

आता तुमच्या त्या वाक्याकडे येतो. “बसतं ते चालतं.” पाच-सहा वर्षांपूर्वी हेच वाक्य मी एका माणसाच्या तोंडून ऐकलं, आणि त्याच्या पायाशी पडलेली पुंगळी उचलून खिशात टाकली. ती आजही माझ्या टेबलाच्या खणात आहे. लिहिता लिहिता आत्ता बाहेर काढली आहे. बुडावर ९ एमएमचा शिक्का स्वच्छ वाचता येतो. बुडापासून अर्ध्यापर्यंत ती नेहमीच्या पितळी पुंगळीसारखी आहे. त्याच्या वर मात्र ती फुगत गेली आहे, आणि तोंडाशी कापसाचं बोंड उकलावं तशी उभी फाटली आहे. फाटलेल्या कडेवर नख फिरवलं तर अडकतं. एका बाजूला काजळी, दुसरी बाजू चकचकीत.

झालं होतं असं, की त्याच्याकडे दोन पिस्तुलं होती, एक ९ एमएमचं आणि एक .४० एस अँड डब्ल्यूचं (स्मिथ अँड वेसनचं काडतूस). दोन्ही एकाच घडणीची, एकाच रंगाची. बोलता बोलता .४०च्या मॅगझिनमध्ये ९ एमएमची काडतुसं भरली गेली. .४०ची नळी सुमारे १०.२ मिलिमीटरच्या गोळीसाठी कापलेली असते आणि ९ एमएमची गोळी असते साधारण ९ मिलिमीटरची. म्हणजे काडतूस आत सहज गेलं. खरं तर ते आत पडलं. अशा पिस्तुलात काडतूस पुंगळीच्या तोंडावर टेकून जागेवर थांबायला हवं. इथे टेकायला काही नव्हतंच. पुंगळी बाहेर खेचणाऱ्या आकड्याने तिची कड धरून ठेवली होती, तेवढ्याच आधारावर घोडा पडला आणि बार झाला. आवाज विचित्र, पोकळ. गोळी नळीच्या आट्यांना धड न चिकटता निघून गेली. कागदावर तिचा पत्ताच नव्हता. पुंगळीला भोवती चेंबरच्या भिंतीचा आधार नाही, म्हणून ती फुगली आणि फाटली.

त्या माणसाला काही झालं नाही. पिस्तुलालाही नाही. तो हसला आणि म्हणाला, बसलं ना, मग चाललं. मला त्या दिवशी हसू आलं नाही, तुमची प्रतिक्रिया वाचूनही आलं नाही. पितळाची पुंगळी चेंबरच्या भिंतीला घट्ट दाबली जाते, म्हणून दारूचा वायू मागे येत नाही. भिंत जागेवर नसेल तर वायू वाट काढतो, आणि पिस्तुलाच्या मागे असतो तो माणसाचा चेहरा. त्या दिवशी वाट दुसरीकडे मिळाली, एवढंच.

“बसणं” ही खूण किती फसवी आहे याचं याहून पक्कं उदाहरण हवं असेल तर .३८ सुपर घ्या. १९०० साली जॉन ब्राउनिंग या शस्त्ररचनाकाराच्या पिस्तुलाबरोबर .३८ एसीपी हे काडतूस आलं. १९२९ मध्ये त्याच मापाच्या पुंगळीत जास्त जोर भरून .३८ सुपर आलं. लांबी तीच, जाडी तीच, कडही तीच. नव्या काडतुसाला जुन्या पिस्तुलात जाण्यापासून अडवणारं काहीच नाही. ते बसतं, आणि अगदी चपखल बसतं. पण अमेरिकेत काडतुसांची मानकं ठरवणारी ‘सामी’ ही संस्था .३८ एसीपीला दर चौरस इंचाला २६,५०० पौंडांपर्यंत दाब देते आणि .३८ सुपरला ३६,५००. जुन्या पिस्तुलाचं पोलाद हा फरक धरून घडवलेलं नव्हतं. सांगा, इथे तुमचा नियम कसा लावायचा?

लोकांनी हा धोका ओळखला नव्हता असंही नाही. १९३०च्या दशकात .३८ स्पेशलवरून .३५७ मॅग्नम काढलं, तेव्हा पुंगळी मुद्दाम सुमारे ३ मिलिमीटरने लांब केली, ती जुन्या .३८ रिव्हॉल्व्हरच्या सिलेंडरमध्ये, म्हणजे काडतुसं ठेवायच्या फिरत्या नळकांड्यात, पूर्ण जाऊ नये म्हणून. .३८ स्पेशलचा दाब १७,००० आणि .३५७चा ३५,०००, दुपटीहून जास्त. ते तीन मिलिमीटर म्हणजे कुलूप आहे. पण काही फार जुन्या .३८ रिव्हॉल्व्हरचे चेंबर आत पायरी न ठेवता सरळ आरपार भोक पाडलेले असत. त्यांच्यात .३५७ अख्खं आत जातं. कुलूपच नाही. कारखान्याने घातलेली अडचणच जिथे गैरहजर आहे, तिथे काडतूस आत जाणं हा तुमच्यासाठी हिरवा कंदील कसा होतो, हे मला खरोखर कळलेलं नाही.

उलट दिशेने, म्हणजे .३५७च्या रिव्हॉल्व्हरमध्ये .३८ स्पेशल चालतं, हे तुम्ही लिहिलंत. ते मीही मूळ लेखात लिहिलं होतं, दुसऱ्याच परिच्छेदात. लेख पूर्ण वाचला असतात तर ती ओळ वाया गेली नसती. ते चालतं, कारण ते हत्यार बनवणाराच तसं सांगतो. फक्त आखूड पुंगळीपुढे चेंबरमध्ये काजळीचं कडं साचतं, ते घासून काढावं, नाहीतर पुढे .३५७ आत जाताना अडतं.

‘नऊ एमएम म्हणजे नऊ एमएम’ असंही तुम्ही लिहिलंत, त्यावर फार लिहीत नाही. ९×१७, ९×१८ आणि ९×१९ (दुसरा आकडा पुंगळीच्या लांबीचा, मिलिमीटरमध्ये) ही तीन निराळी काडतुसं आहेत, आणि त्यांतल्या ९×१८ मकारोव्हची गोळी तर ९.२७ मिलिमीटरची आहे. पहिला आकडाच वाचून थांबायचं असेल तर दुसरा कोरलाय कशाला?

परदेशी काडतुसं, जुना साठा, घरी पुन्हा भरलेली काडतुसं, हे तुमचे बाकीचे मुद्दे या लेखाचे नव्हतेच. त्यात शिरत नाही.

जादा दाबाच्या चाचणीचं मात्र सांगायला हवं, कारण ते वाचून एखादा नवखा फसेल. चाचणी होते, हे खरं. युरोपातल्या ‘सीआयपी’ या मानकं ठरवणाऱ्या संस्थेच्या पद्धतीत पिस्तूल-रिव्हॉल्व्हरसाठी ती साधारण ३० टक्के जादा दाबाची असते. पण ती मोजक्या बारांची असते, पोलादात आणि घडणीत खोट नाही ना हे बघण्यासाठी. त्या ३० टक्क्यांवर रोज जगायला हत्यार बनवलेलं नसतं. आणि आता तुमच्याच .३२च्या दाबाचा हिशेब करू. रिव्हॉल्व्हरचं .३२ एस अँड डब्ल्यू लाँग : १५,०००. पिस्तुलाचं .३२ एसीपी : २०,५००. हा फरक सुमारे ३७ टक्क्यांचा आहे. म्हणजे चाचणीत जो दाब एखाददुसऱ्या वेळेस देतात, त्याहून जास्त दाब तुमचं रिव्हॉल्व्हर प्रत्येक बाराला सोसू शकतं असं धरून तुम्ही चालला आहात. .३२ एसीपीच्या बुडाला बारीकशी कड असते, तिच्यावर ते रिव्हॉल्व्हरच्या सिलेंडरमध्ये टेकून राहतं. तुम्ही ज्याला बसणं म्हणता ते एवढंच आहे.

“केसालाही धक्का लागलेला नाही” असं तुम्ही लिहिलंत. दिसलेला नाही, असं लिहा. पोलाद एका बारात सांगत नाही. जास्त दाबाने चेंबर आधी किंचित ताणला जातो, पुंगळ्या निघायला जड जाऊ लागतात, सिलेंडर डुगडुगायला लागतो, आणि वरून दुमडून उघडणारं जुनं रिव्हॉल्व्हर असेल तर त्याची खिट्टी सैल पडत जाते. तुमच्याच प्रतिक्रियेत मधेच एक वाक्य आहे, “हल्ली पुंगळ्या काढायला जरा काडी घालावी लागते, तेवढंच”. ते वाक्य वाचल्यावर मला रात्री झोप लागली नाही. तुम्ही माझ्यासाठी जे काही लिहिलंत त्यापेक्षा हे वाक्य मला जास्त बोचलं. ते तुम्ही माझ्याविरुद्धचा पुरावा म्हणून लिहिलंय, हे तर मला समजूच शकत नाही.

मला ज्यांनी शिकवलं ते सर दर वेळी एकच गोष्ट करायला लावायचे. मॅगझिन बाहेर. नळीवर कोरलेलं मोठ्याने वाचा, पूर्ण नाव, आकड्यापुढचे शब्दही. मग काडतूस उलटं करून बुडावरचा शिक्का उजेडात धरून वाचा, तोही मोठ्याने. दोन्ही वाचनं शब्दाला शब्द जुळली तरच भरायचं. नळीवरची अक्षरं झिजली असतील तर हत्यार कारागिराकडे जायचं, तोवर त्यात काहीच जायचं नाही. ५० काडतुसांच्या खोक्यातलं प्रत्येक काडतूस ते असं बघायचे, कारण रेंजवर खोकी बदलतात आणि खिशांत सुटी काडतुसं राहतात. तेव्हा मला कंटाळा यायचा. ती फाटकी पुंगळी उचलल्यापासून आलेला नाही.

तुम्ही मला लेखणी खाली ठेवायला सांगितलंत. ती मी ठेवणार नाही. पण तुमच्याशी मला भांडणही वाढवायचं नाही. एक करा. ते रिव्हॉल्व्हर रिकामं करा, सहाच्या सहा चेंबर उजेडाकडे धरून आतून बघा, सिलेंडर बंद करून बोटांनी हलवून बघा. आणि नळीवर नेमकं काय कोरलंय ते इथे लिहा. ‘.३२’ एवढंच नको, त्यापुढे जे काही असेल तेही. तोपर्यंत त्यात पिस्तुलाचं एकही काडतूस घालू नका. तुमच्या उत्तराची वाट बघतोय.