अपघाती मरणाची पूर्वतयारी

मागच्या मंगळवारी ताईला घेऊन सिव्हिल लाइन्सला हायकोर्टात गेलो होतो. आमचं मॅटर, म्हणजे भाऊजी ट्रकच्या धडकेत गेले त्याच्या भरपाईविरुद्ध विमा कंपनीनं केलेलं अपील, बोर्डावर 47 नंबरला, आणि 31 वर कोर्ट उठलं. ‘नॉट रीच्ड’, म्हणजे आमचा नंबरच आला नाही. वकीलसाहेब म्हणाले, पार्टीनं यायची गरजच नसते. ताईला मात्र वाटतं, आपण समोर बसलेलो दिसलो तर जज लक्ष देतील. परत येताना रिक्षात ती काही बोलली नाही, तेव्हा मी मनातल्या मनात ही यादी केली. नागपूरकर आहात, वर्धा रोडनं जाता-येता, तर उपयोगी पडेल.

पहिलं म्हणजे मरायचं वय नीट निवडा. सुप्रीम कोर्टानं 2009 मध्ये सरला वर्मा खटल्यात गुणकाचा तक्ता, म्हणजे मयताच्या वर्षाच्या कमाईला कितीनं गुणून भरपाई काढायची ते, ठरवून दिला आहे. 31 ते 35 वयाला 16, 36 ते 40 ला 15. आमचे भाऊजी छत्तिसावा वाढदिवस करून तीन आठवड्यांनी गेले. केकची हौस नडली. महिनाभर आधी गेले असते तर ट्रिब्युनलच्याच, म्हणजे अपघात भरपाईच्या कोर्टाच्याच, हिशेबानं 1,51,200 रुपये जास्त मिळाले असते.

लग्न करून मरा. अविवाहिताच्या उत्पन्नातून साधारण निम्मे पैसे ‘त्याचा स्वतःचा खर्च’ म्हणून कापतात, मागे चार-सहा खाणारी तोंडं असली तर पावच.

नंबरप्लेट असलेल्या गाडीखालीच जा. धडक देऊन पळालेल्या अनोळखी गाडीचे सरकारी 2 लाख मिळतात, संपलं.

घरच्यांना सांगून ठेवा, रडणं सहा महिन्यांत आटपा. 1 एप्रिल 2022 पासून क्लेम लावायला तेवढीच मुदत आहे.

हेल्मेट घाला, आणि ते फुटलं तर तुकडे स्वतः गोळा करून पंचनामा लिहिणाऱ्या हवालदाराच्या हातात द्या. भाऊजींचं हेल्मेट रस्त्यावर दोन तुकड्यांत पडलं होतं. कागदावर यायचं राहिलं. आता अपिलात कंपनी म्हणते, हेल्मेट नव्हतंच, म्हणजे चूक मयताचीही. ट्रक मागून आला होता, बाप्पा!

आता सगळ्यात महत्त्वाचं. उत्पन्नाचा पुरावा खिशात ठेवूनच बाहेर पडा. पगाराची स्लिप, फॉर्म सोळा, तीन वर्षांचे रिटर्न, जमलं तर लॅमिनेट करून. भाऊजींचं हिंगणा रोडला दुचाकी दुरुस्तीचं दुकान होतं. पत्र्याचं शेड, एक कॉम्प्रेसर, हाताखाली एक पोरगा. गिऱ्हाईक रोख देणार, हे रात्री डायरीत लिहिणार. हार्डवेअरवाल्यानं दिवाळीला फुकट दिलेली डायरी. पानापानावर ऑईलचे अंगठे. ‘प्लग 80. क्लच वायर 150. शेंडे उधार.’ ट्रिब्युनलनं ती डायरी पाहिली, शेजारच्या दुकानदाराची साक्ष घेतली आणि महिना 12,000 धरले. नागपुरात चार वर्षं कॉम्प्रेसर चालवणारा माणूस 12,000 कमावतो, हे मानायला कोर्टालाही 2019 ते 2023 लागले. भरपाईचे सगळे हेड मिळून 24 लाख 58 हजारांचा अवॉर्ड आणि वर व्याज. ताईनं देवापुढे पेढे ठेवले.

पेढे लवकर ठेवू नका, हीही टीप लिहून घ्या. कारण 90 दिवसांत कंपनीला अपील करता येतं. त्यासाठी कायद्यानं भरायचे किती, तर 25,000 किंवा अवॉर्डच्या निम्मे, जे कमी असेल ते. 24 लाखांच्या अवॉर्डावर 25,000! मग स्टे. मग स्टेसाठी रक्कम जमा करा म्हणून आदेश, मग त्यातली थोडी काढायला ताईचा अर्ज, त्याला कंपनीचं उत्तर, उत्तराला मुदत. आणि मुद्दा काय? डायरीवर शिक्का नाही. जीएसटी नंबर नाही. म्हणून उत्पन्न 6,000 धरा. पत्र्याच्या शेडला जीएसटी! अहो, महिन्याला 6,000 मध्ये चार माणसं आणि म्हातारी आई... हिशेब मांडून दाखवा ना कोणीतरी. एकदा तरी मांडा. किराण्याची यादी ताई देईल.

कंपनीचा माणूस कॉरिडॉरमध्ये भेटला, चांगला हसून बोलला. ‘ताई, काळजी काहून करता, व्याज तर चालूच आहे ना!’ पोराची कॉलेजची फी व्याजाच्या आशेवर भरत नाही हो कोणी. ताईनं ती मंगळसूत्र मोडून भरली. तसंही घालायचं नव्हतं, म्हणाली.

नाही जमत आता मला गंमत करायला. विमा कंपनीचे साहेब, त्या ट्रकच्या विम्याचा हप्ता तुम्ही दरवर्षी घेतलात. घेताना ड्रायव्हर किती तास झोपला, मालकाच्या वहीवर शिक्का आहे का, विचारलं होतं? तेव्हा सगळं खरं होतं. खोटी फक्त मेलेल्या माणसाची डायरी. जिथं खरंच खोटे क्लेम लागतात तिथं लढा की, मीच तुमच्या बाजूनं साक्ष देईन. पण जिथं प्रेत खरं, ट्रक खरा, पॉलिसी खरी, तिथं निव्वळ वेळ काढायला अपील ठोकता, याची लाज वाटत नाही? बाई थकून निम्म्यात तडजोड करेल म्हणून वाट बघताय, हे कळतं आम्हाला.

पुढची तारीख उन्हाळ्याच्या सुटीनंतरची आहे. वकिलाला पाठवू नका. स्वतः या, आणि त्या डायरीतलं एक पान ताईसमोर वाचा.