काळ्या पडलेल्या विंग्ज, पिठूळ झालेलं मांस आणि अननस : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया परवा रात्री वाचली. सकाळी उठून पुन्हा वाचली आणि मग लिहायला बसण्याऐवजी स्वयंपाकघरात गेले. उत्तराला दोन दिवस लागले ते त्यामुळे.

बाकीच्या वाचकांसाठी थोडक्यात सांगते. यांनी माझी अननस-संत्र्याच्या ग्लेझमधल्या, म्हणजे वरून लावायच्या चकचकीत, दाट लेपातल्या, चिकन विंग्जची कृती वाचून घरच्या पार्टीसाठी तीन किलो विंग्ज केल्या. ताज्या अननसाच्या रसात रात्रभर मुरवल्या, ग्लेझमध्ये घोळवल्या आणि २२० अंशांवर ४५ मिनिटं भाजल्या. वरून कोळसा, त्याखाली रबरासारखी कातडी आणि आत मांस भिजलेल्या पावासारखं. पाहुण्यांनी एकेक तुकडा घेतला आणि बशी खाली ठेवली. प्रतिक्रियेचा शेवट असा आहे : ‘चिकनला जॅम फासायची हौस फोटोपुरती ठीक आहे. लोकांना सांगण्याआधी एकदा स्वतः करून बघत जा.’

करून बघितल्याशिवाय मी कृती लिहीत नाही. पण जे केलं ते सगळं मी लिहिलं नव्हतं, आणि तुमच्या तीन किलो विंग्ज त्यापायी वाया गेल्या. त्याबद्दल मनापासून माफी मागते. पाहुणे दिवाणखान्यात बसलेले असताना ओव्हनचं दार उघडून तो काळा ट्रे बाहेर काढायचा, हा प्रसंग कोणावर येऊ नये. जॅमबद्दल मात्र मला तुमच्याशी वाद घालायचा आहे, तो पुढे घालते.

आधी अननस, कारण सगळ्यात मोठी चूक तिथे आहे आणि ती माझी आहे. मी लिहिलं होतं, ‘अननसाचा रस एक वाटी, विंग्ज रात्रभर मुरवाव्या.’ मी वापरला होता टिनमधला रस, आणि तो शब्द लिहायचा राहिला. ताज्या अननसात ब्रोमेलेन नावाचं विकर (एन्झाइम) असतं, ते प्रथिनं तोडतं. टिनमधला अननस तापवलेला असतो, त्यात ते शिल्लक राहत नाही. ताजा अननस घातला की जिलेटिनची जेली जमत नाही हे अनेकांनी पाहिलं असेल, त्यामागे हेच कारण आहे. पपई, किवी आणि अंजीर यांच्यातही अशीच विकरं असतात. मटणाच्या मोठ्या, जून तुकड्याला त्यांचा थोडा वेळ उपयोग होतो. चिकनचा पंख म्हणजे हाडाभोवतीचं बोटभर मांस, त्याला रात्रभर या रसात ठेवलं की उरणार काय?

काल मी दोन वाडग्यांत चार-चार विंग्ज ठेवल्या. एकात ताजा रस घातला, दुसऱ्यात तोच रस खळखळून उकळून गार केलेला. चार तासांनी उकळलेल्या रसातला तुकडा हातात घेतला, तर तो होता तसाच घट्ट होता. ताज्या रसातल्या तुकड्यावर अंगठा दाबला आणि कातडी ओल्या टिश्यूपेपरसारखी सरकली, खालचं मांस बोटाला चिकटून आलं. तुम्ही लिहिलेलं ‘भिजलेल्या पावासारखं’ म्हणजे काय ते मला तेव्हा नीट कळलं. तुमच्याकडे हे रात्रभर चाललं होतं.

म्हणून आता मुरवण्याची पायरीच कृतीतून काढून टाकली आहे. उकळलेला रस चालेल असंही लिहिलेलं नाही. विंग्जवर भरपूर कातडी असते, आणि रसात रात्रभर बुडवली की ती पाणी आणि साखर दोन्ही धरून बसते. मग ती कुरकुरीत होण्याची आशा सोडायची. फळाची जागा शेवटी, वरून. विंग्जच्या बाबतीत मला ठामपणे सांगण्यासारखी एवढी एकच गोष्ट सापडली आहे आणि तुमच्या तिन्ही तक्रारी तिथेच येऊन मिळतात.

आता काळेपणा. ‘ग्लेझमध्ये घोळवून भाजा’ या माझ्या वाक्याचा तुम्ही काढलात तोच अर्थ कोणीही काढला असता. फळांमधली फ्रुक्टोज साखर ११० अंशांच्या आसपासच रंग धरायला लागते, साधी साखर १६०च्या आसपास. ओव्हन २२०वर. कातडीखालची चरबी वितळून बाहेर यायला मात्र पाऊण तास लागतो. त्या पाऊण तासात साखरेचं काय होणार ते उघड आहे. अर्ध्या वेळात ती तांबूस होते, त्यानंतर कडू. शिवाय तो चिकट थर कातडीवर झाकणासारखा बसतो आणि आतलं पाणी अडवून धरतो, म्हणून वरून करपलेली कातडी खाली रबरासारखी राहिली.

रबराला आणखी एक कारण होतं, आणि ते मी लिहायला हवं होतं, कारण कृतीच्या नावातच ‘पार्टीसाठी’ असा शब्द होता. माझं माप एक किलोचं होतं, एका ट्रेचं. तीन किलो विंग्ज त्याच ट्रेमध्ये एकमेकींना खेटून ठेवल्या की त्या भाजल्या जात नाहीत, स्वतःच्याच वाफेत शिजतात. कातडीतलं पाणी उडेपर्यंत तिचं तापमान शंभराच्या फारसं वर जात नाही, ओव्हनचा आकडा काहीही असो. एका किलोला एक मोठा ट्रे, त्यावर तारेची जाळी, दोन तुकड्यांमध्ये बोटभर अंतर. तीन किलो असतील तर तीन ट्रे, नाहीतर तीन घाण्या. याला दुसरा रस्ता मला माहीत नाही.

तयारी आदल्या दिवशी करायची. विंग्ज सांध्यांवर कापून घ्या, टोकं स्टॉकसाठी वेगळी काढा. नळाखाली धुऊ नका, कच्च्या चिकनचे शिंतोडे ओट्यावर आणि शेजारच्या भांड्यांवर उडतात. कागदी रुमालाने प्रत्येक तुकडा टिपून कोरडा करा, अगदी घडीतसुद्धा. किलोमागे दोन छोटे चमचे मीठ आणि दोन छोटे चमचे बेकिंग पावडर चोळा. पावडरीमुळे कातडी किंचित अल्कधर्मी होते, रंग लवकर धरते आणि तिच्यावर बारीक फोड येतात, कुरकुर त्या फोडांची असते. खायचा सोडा त्याऐवजी घालू नका, साबणासारखी चव येते. मग जाळीवर मांडून, झाकण न घालता, फ्रीजच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात रात्रभर. सकाळी कातडी हाताला चर्मपत्रासारखी कोरडी लागायला हवी. तशी लागली नाही तर आणखी दोन तास राहू द्या, या पायरीत घाई मला कधीच परवडलेली नाही.

२२० अंशांवर ४५ मिनिटं, पंचविसाव्या मिनिटाला उलटायच्या. आतलं तापमान ७४ अंश झालं की चिकन खायला सुरक्षित असतं, पण पंखात सांधे आणि चिवट ऊती भरपूर, त्यांना ८५-९०पर्यंत जाऊ द्यावं. तिथे त्या विरघळतात आणि मांस हाडावरून सहज सुटतं. छातीच्या तुकड्याला एवढं तापवलं असतं तर तो लाकूड झाला असता, पंखाचं तसं होत नाही.

आणि आता जॅम.

तयार जॅममध्ये निम्म्याहून अधिक साखर असते, आणि ती बहुतेक वरून घातलेली. माझ्या ग्लेझमध्ये वरून घातलेली साखर नाही, मधही नाही. एका किलोसाठी ४०० मिली अननसाचा आणि २०० मिली संत्र्याचा रस, तो आटवून दीडशे मिलीपर्यंत आणायचा. रस चौथाईवर आला की त्यातली साखर चौपट दाट होते, पण आंबटपणाही तितकाच दाट होतो. जॅम आणि आटवलेला रस यांच्यात फरक आहे तो हा. त्यात दोन मोठे चमचे व्हिनेगर, दोन मोठे चमचे सोया सॉस, चार पाकळ्या ठेचलेला लसूण, आलं, सुक्या लाल मिरचीचे तुकडे. चरबी आणि मीठ यांना आंबटाची गरज असते, आणि विंग्जइतका चरबी-मिठाचा पदार्थ क्वचितच असेल. म्हणून फळ मला इथे सजावटीचं वाटत नाही, ते त्या घासातलं लिंबू आहे. तुम्ही खाल्लेल्या तुकड्यावर करपलेली साखर होती. तिची चव वाईटच लागणार, पण त्यावरून फळाला नापास करू नका एवढीच विनंती.

रस आटवताना पातेलं पसरट घ्या, स्टीलचं. लोखंड आणि साध्या ॲल्युमिनियमशी आंबट रस भांडतो आणि धातूची चव येते. सुरुवातीला वर फिकट फेस येतो, तो काढून टाका. बराच वेळ बुडबुडे बारीक आणि चपळ असतात, आपण कंटाळतो. मग एका क्षणी ते मोठे होतात, चकाकतात, फुटायला वेळ घेतात, आवाजही खळखळीचा फडफडीवर येतो. इथून पुढे हलायचं नाही, मला एकदा फोन घ्यायला गेल्यावर दोन मिनिटांत टॉफी मिळाली होती. गार बशीवर थेंब टाका, बोटाने रेघ ओढा. रेघ तशीच राहिली की गॅस बंद. पाकाच्या भाषेत सांगायचं तर एकतारीच्या जरा आधी थांबायचं, कारण गार होताना ते आणखी दाट होतं. लोण्याचा छोटा गोळा आणि संत्र्याची किसलेली साल शेवटी, आच बंद केल्यावर. सालीचा वास उकळीत उडून जातो, आणि किसताना खालचा पांढरा भाग आला तर कडवटपणा येतो. कॉर्नफ्लोअर लावून दाटपणा आणता येतो, मला तो पिठूळ लागतो.

पंचेचाळीस मिनिटांनी ट्रे बाहेर काढा, ब्रशने ग्लेझचा पातळ हात द्या, पाच मिनिटं आत. दुसरा हात, आणखी तीन मिनिटं. ओव्हनपाशी उभं राहून. ब्रश आणि चिमटा स्वच्छ हवा, कच्च्या चिकनला लागलेला नको.

तीन किलोंचं गणितही देते, कारण तेच राहिलं होतं. ग्लेझ दोन दिवस आधी करून बरणीत ठेवता येतं, फक्त ९०० मिलीहून जास्त रस एका पातेल्यात घेऊ नका, आटायला युगं लागतात. विंग्ज पार्टीच्या दिवशी सकाळी ४० मिनिटं भाजून पूर्ण शिजवा, गार झाल्या की फ्रीजमध्ये. पाहुणे आले की एकेक ट्रे २२०वर बारा मिनिटं तापवा, मग ग्लेझचे दोन हात. एक ट्रे संपत आला की दुसरा आत. सगळ्या एकदम वाढल्या तर शेवटच्या गार आणि मऊ पडतात, आणि दोन तासांहून जास्त वेळ बाहेर ठेवायच्याही नाहीत. पोटभर खायला माणशी दहा-बारा तुकडे लागतात, बाकी पदार्थ असतील तर सहा पुरे.

‘त्यापेक्षा तळल्या असत्या तर बरं’ असंही तुम्ही लिहिलं आहे. तळलेल्या विंग्ज उत्तमच लागतात आणि हेच ग्लेझ त्यांच्यावर तळून झाल्यावर छान बसतं. पण पार्टीच्या वेळी तीन किलो तळायच्या म्हणजे घरच्या माणसाने संध्याकाळभर कढईपाशी उभं राहायचं. मला ते नको असतं, म्हणून मी ओव्हनकडे वळले.

मूळ कृती आज सकाळी दुरुस्त केली आहे. जुनं चुकीचं वाक्य पुसलेलं नाही, त्याखाली काय चुकलं ते लिहिलं आहे, म्हणजे कोणी आधीच कृती उतरवून घेतली असेल तर त्यांनाही कळेल. पुन्हा करून बघावंसं वाटलं तर आधी सहाच विंग्ज करा, घरच्यांसाठी, पाहुण्यांविना. अननसाचं नावच नको झालं असेल तर जर्दाळू उकडून, गाळून घ्या. त्याचा गर मुळातच दाट असतो, फारसा आटवावा लागत नाही आणि ग्लेझ कातडीला घट्ट धरून राहतं. त्या सहा कशा झाल्या ते इथेच कळवा, बिघडल्या तरीही.