अँडी कॉफमन गेला, मावशी

परवा रात्री साडेअकराला मावशीचा फोन. तिसरी केमो चार दिवसांवर आलेली आणि विचारते काय, "अरे, फिलिपिन्सला जायला किती खर्च येतो?"

कुणा भल्या माणसाने तिला फॉरवर्ड पाठवलाय. अँडी कॉफमन नावाच्या अमेरिकन विनोदी कलाकाराचा कॅन्सर तिकडच्या एका बाबाने चाकू न लावता, नुसत्या हातांनी काढला म्हणे. १९८४ चा मृत्यू हे त्याचंच नाटक, तो अजून जिवंत आहे, २०१३ मध्ये तर त्याची मुलगीही लोकांसमोर आली!

ती मुलगी नटी निघाली, काही दिवसांतच. सिगारेट न ओढणाऱ्याला फुफ्फुसाचा कॅन्सर कसा, असंही त्यात विचारलंय. विचारणाऱ्याने कॅन्सरच्या ओपीडीत तासभर बसून यावं.

नाटकाचा संशय मात्र उगाच नाही, हे कबूल करायला हवं. माणूसच तसला. टीव्हीवर रेकॉर्ड लावून गप्प उभा राहायचा, ठरावीक ओळ आली की तेवढ्यापुरते ओठ हलवायचा. १९७९ मध्ये कार्नेगी हॉलचा अख्खा प्रेक्षकवर्ग बसमध्ये घालून दूध-बिस्किटं खायला नेला. मेम्फिसच्या पैलवानाशी त्याचं वैर लुटुपुटूचं होतं, हे तो गेल्यावर कित्येक वर्षांनी कळलं. खोटं मरण्याची कल्पनाही त्याने मित्रांना बोलून दाखवली होती. तो गेल्याच्या वर्षभरानंतर त्याचं टोनी क्लिफ्टन हे उर्मट गायकाचं सोंग पुन्हा स्टेजवर आलं, हेही खरं. पण त्या मेकअपखाली तो जिवंत असतानाही कधीकधी त्याचा दोस्त बॉब झमुडा असायचा. सोंग फिरलं म्हणून माणूस जिवंत होतो का?

आता तो बाबा. माझं डोकं फिरलंय ते इथे. मावशी म्हणते, "पण व्हिडिओत रक्त दिसतंय रे." दिसणारच, तळहातात लपवून आणलेलं असतं! सुटलेल्या पोटाच्या वळीत बोटं दुमडली की ती आत शिरल्यासारखी दिसतात. मग कापसाच्या बोळ्यातली लाल पिशवी फुटते, कोंबडीच्या आतड्याचा तुकडा 'गाठ' म्हणून वर येतो, पुसून घेतलं की खाली कातडी जशीच्या तशी. रस्त्यावरचा जादूगार याहून अवघड हातचलाखी करतो. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने १९७५ मध्येच ही निव्वळ फसवणूक ठरवून असल्या उपचारांच्या सहली विकायला तिथल्या काही ट्रॅव्हल कंपन्यांना बंदी केली. कॉफमन फिलिपिन्समधल्या बाग्यो शहरी त्या बाबाकडे गेला तो त्यानंतर नऊ वर्षांनी, मार्च १९८४ मध्ये. बरं वाटतंय म्हणाला. १६ मे रोजी लॉस एंजेलिसच्या सीडर्स-सिनाई हॉस्पिटलात वारला. पस्तीस वर्षांचा होता.

फॉरवर्डमध्ये बाग्यो आहे, बाबा आहे, रक्त आहे. या दोन महिन्यांचा हिशेब तेवढा नाही.

मावशी, गुरुवारी सकाळी सातला गाडी घेऊन येतो. फाइल दाराशी काढून ठेव.