आराखडा वाचू नका, घर घ्या

फ्लॅट घ्यायचा विचार पक्का झाला असेल, तर एक पथ्य पाळा. शहराचा विकास आराखडा, म्हणजे रस्ते, मैदाने, बागा कुठे येणार हे ठरवणारा नकाशा, उघडून बघू नका. तो महापालिकेच्या संकेतस्थळावर फुकट असतो, आणि फुकटच्या वस्तूवर आपण कधीपासून विश्वास ठेवू लागलो? त्यापेक्षा बिल्डरचे ब्रोशर बघा. जाड कागद, तळ्यात बदके, बाल्कनीत गोरेपान कुटुंब. समोरच्या हिरवळीवर आराखड्यात २४ मीटर रस्त्याची रेघ असली, तरी ब्रोशरमध्ये ती नसते. मग उगाच कशाला बघायची?

महारेराकडेही, म्हणजे बिल्डरांच्या प्रकल्पांवर नजर ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाकडेही, फिरकू नका. २०१७ पासून तिथे प्रकल्पाचे मंजूर नकाशे, चालू खटले, ताबा देण्याची तारीख असे सगळे मांडून ठेवलेले असते. मुलीसाठी स्थळ बघताना आपण मुलाच्या मामापर्यंत चौकशी करतो, ते ठीक. ऐंशी लाखांच्या फ्लॅटची चौकशी केली तर बिल्डरच्या मनाला लागेल.

आता हरकती-सूचनांबद्दल. १९६६ च्या नगररचना कायद्यानुसार प्रारूप, म्हणजे कच्चा आराखडा जाहीर करून लोकांचे म्हणणे मागवावे लागते. मुदत महिना-दोन महिन्यांची, भाषा सरकारी, नकाशा असा की आपली गल्ली शोधण्यातच निम्मी मुदत जाते. तरीही काही हौशी लोक अर्ज करतातच. पुण्याच्या जुन्या हद्दीच्या आराखड्यावर २०१३ मध्ये ऐंशी हजारांहून जास्त हरकती आल्या. नियोजन समितीपुढे सुनावण्या झाल्या, लोक रजा टाकून गेले. पुढे २०१५ मध्ये राज्य सरकारने आराखडाच पालिकेच्या हातून काढून घेतला आणि तो अधिकाऱ्यांच्या समितीकडे सोपवला. रजा मात्र परत मिळाल्या नाहीत.

मुंबईकरांनी तर वेळेची चिंताच सोडावी. १९८१ ते २००१ साठीचा त्यांचा आराखडा १९९१ ते १९९४ च्या दरम्यान हप्त्याहप्त्याने मंजूर झाला, आणि २००१ उलटल्यावरही दीड दशकाहून अधिक काळ राबत राहिला. पुढचा २०१४ ते २०३४ चा. त्याचे प्रारूप २०१५ च्या फेब्रुवारीत आले, चुकांवरून एवढा गदारोळ झाला की एप्रिलमध्ये मुख्यमंत्र्यांनीच ते दुरुस्तीला परत पाठवले. सुधारित प्रारूप २०१६ मध्ये आले, मंजुरी २०१८ मध्ये. वीसपैकी चार वर्षे बारशाआधीच संपली. आधीच्यापेक्षा प्रगती आहे, हे मान्य करायला काय हरकत आहे? (इथे हरकत घ्यायला मुदत नाही.)

कोणी आकडे विचारले तर २०११ च्या जनगणनेचे सांगा, २०२१ ची झालीच नाही. त्या जनगणनेत मुंबईची चाळीस टक्क्यांहून जास्त वस्ती झोपडपट्टीत होती आणि साडेचार लाखांहून अधिक घरे रिकामी. ही दोन वाक्ये मात्र एका दमात म्हणू नका, लोक त्यांचा संबंध जोडतात.

घराजवळ मैदानाचे आरक्षण असेल, तर पोरांना बॅट आणायची घाई करू नका. दहा वर्षांत जागा ताब्यात घेतली गेली नाही, तर त्याच १९६६ च्या कायद्याच्या कलम १२७ खाली जागेचा मालक नोटीस देऊ शकतो. मग पालिकेकडे २४ महिने असतात. तेवढ्यात संपादनाचे पाऊल पडले नाही, की आरक्षण व्यपगत, म्हणजे आपोआप रद्द. चोवीस महिन्यांत फाइल एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर पोचणार कशी, हे तुम्हीच सांगा. मधल्या काळात कलम ३७ खाली आराखड्यात फेरबदल होऊन मैदानाचे आणखी काही झाले, तर त्याची जाहीर सूचना वर्तमानपत्रात येते. ते पान रद्दीत घालायच्या आधी वाचणारे लोक मनाने दुबळे असतात.

नदीकाठचा फ्लॅट असेल तर फारच छान, ‘रिव्हर व्ह्यू’चे वेगळे पैसे देऊन टाका. नकाशावर तिथे निळी आणि लाल रेघ असते. निळी म्हणजे पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल म्हणजे शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या. धरणातून विसर्ग वाढून पार्किंगमध्ये कमरेएवढे पाणी आले, की नगरसेवकाला जाब विचारा, वाहिनीला बाइट द्या. आणि दुसऱ्या मजल्यावरचे निवृत्त ड्राफ्ट्समन काका, जे ‘ती रेघ आधीपासून होती’ म्हणतात, त्यांना सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमधून काढून टाका. फार निगेटिव्ह बोलतात, आणि फ्लॅटचे भाव पडतात.