काळ थांबवणारा पंडित कुर्डीचा नव्हता, कुठलाच नव्हता

गेले काही महिने गोव्यातल्या मराठी ग्रुपांवर एक लांबलचक मजकूर फिरतो आहे. साडेचारशे वर्षांपूर्वी कुर्डी गावात एक नादपंडित होता, तो 432 हर्ट्झच्या स्वराने काळ थांबवायचा, भिंतींतून जुने आवाज बाहेर काढायचा, पोर्तुगीजांनी त्याच्या पोथ्या जाळल्या, वगैरे. शेवटी 'अभिमान असेल तर पुढे पाठवा'. हा पंडित फोंड्यात आम्ही काही मित्र खेळतो त्या कथाखेळातलं पात्र आहे. त्याचं चरित्र आम्ही रविवारी दुपारी चहा पीत रचलेलं. आता ते इतिहास म्हणून माझ्याच मावशीकडून मला येतं, म्हणून हे लिहितो.

आधी पोथ्या. साडेचारशे वर्षांपूर्वी सासष्टी, बारदेशात देवळं पाडली गेली हे खरंच आहे. पण कुर्डी सांगे तालुक्यात, आणि तो मुलूख पोर्तुगीजांच्या हाती आला 18व्या शतकाच्या उत्तरार्धात. म्हणजे जाळणारा पोचायच्या दोनशे वर्षं आधीच पोथ्या जळल्या! मंगेश देव कुशस्थळीहून 1560 मध्ये मंगेशीला आला तो नदीपलीकडे पोर्तुगीजांचं राज्य नव्हतं म्हणूनच. खऱ्या जुलमाचा इतिहास असा कुठल्याही थापेवर पांघरूण म्हणून घातला की चीड येते.

432 चा मुद्दा सगळ्यांत जास्त लोकांना पटलेला दिसतो. हर्ट्झ म्हणजे सेकंदाला किती कंपनं. त्या काळी आपल्याकडे दिवसाच्या 60 घटिका, घटिकेची 60 पळं, पळाची 60 विपळं. घटिका 24 मिनिटांची, पळ 24 सेकंदांचं, विपळ 0.4 सेकंदाचं. सेकंद या हिशेबात कुठेच नाही. 432 ला विपळात बसवलं तर 172.8 येतात, हा पवित्र आकडा कोणी कोरून ठेवेल असं वाटत नाही. आणि आपल्या गाण्यात षड्ज, म्हणजे सा, मुळी कोणत्याही आकड्याला बांधलेलाच नाही. पुरुष गायक साधारण पेटीच्या काळी एक पट्टीत सा लावतो, गायिका काळी चार-पाच, आणि दोघेही सुरात असतात. वाद्यं 440 ला लावायची की 432 ला, हा वाद पाश्चात्त्य वाद्यवृंदांचा. तो आपल्या ऋषींच्या नावावर खपवायचं कारण काय?

भिंतींतले आवाज. चिरेबंदी भिंत आवाजाचा काही भाग परत फेकते, काही शोषते; शोषलेल्याची अगदी किंचित उष्णता होते आणि तिथे तो संपतो. खणून काढायला काही उरत नाही. मात्र इथे एक गोष्ट खरी आहे, आणि आमचं पात्र तिच्यावरच उभं केलं होतं. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. तेवढ्या अंतरावरच्या देवळातली घंटा तुम्हाला ऐकू येते तेव्हा ती वाजून एक सेकंद झालेला असतो. कानाला नेहमी थोडा जुना काळच मिळतो. यावरून एक माणूस आयुष्यभर वेडा होईल, एवढीच आमची कल्पना होती.

'काळ थांबवला' याचं उत्तर द्यायला मला खरं तर आवडतं, कारण खरा माणूस त्या पंडितापेक्षा भारी आहे. गोव्याचे तबलावादक, लयभास्कर खाप्रुमामा पर्वतकर. दोन हातांत, पायांत आणि तोंडी वेगवेगळे ताल एकाच वेळी धरून ते सगळे समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, आणत, अशी त्यांची ख्याती. यात काळ थांबत नाही, त्याचे तुकडे पाडले जातात, आणि ते मोजता येतात. अतिविलंबित एकतालात बारा मात्रांच्या एका आवर्तनाला मिनिटभर लागू शकतं. ऐकणाऱ्याला ते मिनिट लांबलेलं वाटतं, घड्याळाला नाही. मंत्र कुठलाच नाही. वर्षानुवर्षांचा रियाझ आहे, जो फॉरवर्ड होत नाही.

धरणात बुडालेलं कुर्डी दर मे महिन्यात पाण्यातून वर येतं ते, मजकुरात म्हटलंय तसं, पंडिताच्या शापाने नव्हे. साळावली धरणाचा साठा उन्हाळ्यात उतरतो, बस्स. ज्यांची घरं गेली ती माणसं तेव्हा सोमेश्वराच्या देवळापाशी जमतात. त्यांना शापाची गोष्ट सांगायला जाऊ नका. गावाला नादाशी जोडायचंच असेल तर गायिका मोगूबाई कुर्डीकर 1904 मध्ये तिथेच जन्मल्या.

'नासाने त्याचा स्वर अंतराळात पाठवला' हेही आहेच. 1977 च्या दोन्ही व्हॉयेजर यानांवरच्या तबकडीत आपल्या केरीच्या गायिका केसरबाई केरकरांची भैरवी आहे, 'जात कहाँ हो'. एका बाईचं खरं श्रेय काढून न झालेल्या बुवाला दिलं, हे मला सगळ्यांत खटकलं.

आणि पुढे पाठवणाऱ्यांनी मूळ चरित्रातला एक भाग कापला. आमच्या गोष्टीत काळ वाकवण्याची किंमत होती: दर वेळी पंडिताच्या कानातून एक स्वर कायमचा जायचा. महर्षीला बहिरा कसा दाखवणार, म्हणून ते गाळून त्याला 120 वर्षांचा करून समाधी दिली. आमचा पंडित समाधी वगैरे घेत नाही. त्याचा आधी पंचम, म्हणजे प, गेला, म्हणून म्हातारपणी तो संध्याकाळी फक्त मारवा राग गातो. त्यात पंचम लागतच नाही.